वाकडा अंगठा

४ सप्टेंबर

धाकटे,

पत्राच्या सुरुवातीला आशीर्वाद लिहायची पद्धत आहे. ते तू आईकडून घे, माझ्याकडचे काल दुपारी संपले.

काल आमच्या दवाखान्यात एक बाई दाढ भरून घ्यायला आल्या आणि जाताना डॉक्टरांना एक खोका देऊन गेल्या. म्हणाल्या, शहरात या कुकीजसाठी रांग लागते. दातांच्या डॉक्टरला गोड खाऊ देणं म्हणजे त्याच्या धंद्याला हातभारच, पण ते असो. डॉक्टरांना काहीही उघडायचं असलं, तोंड सोडून, की ते माझ्या टेबलावर येतं. मी खोका उघडला. आधी वास आला. दालचिनी, लवंग, जायफळ आणि मागून हळूच सुंठ. मला वाटलं माझ्याच पिशवीतला डबा उघडा राहिला. मग बिस्किट हातात घेतलं. ओट्स, जर्दाळू, मनुका, अक्रोड, आणि मधोमध तो खळगा, डावीकडे कललेला. मी माझा उजवा अंगठा त्यात ठेवून पाहिला. नखापर्यंत बसला.

खोक्यावर तुझ्या दुकानाचं नाव आणि आईचा फोटो आहे. खाली छापलंय, 'आईच्या हातची कुकी. प्रत्येक कुकीवर आईच्या अंगठ्याचा ठसा.'

अगं, आईचे दोन्ही अंगठे सुतासारखे सरळ आहेत. वाकडा अंगठा या घरात एकच, आणि तो कसा वाकडा झाला हे तुला नाही माहीत तर कुणाला? तू सहा वर्षांची होतीस. नवे बूट हवेत म्हणून रुसलीस आणि दार आपटलंस, आणि दारात माझा अंगठा होता. हाड नीट जुळलंच नाही. आणि आईनं आधी जवळ कुणाला घेतलं? तुला. कारण तू घाबरली होतीस.

आणि 'आईच्या हातची' म्हणे. आईनं जन्मात ओव्हन पेटवलाय का? ती दिवसभर शिलाई मशीनवर असायची आणि स्वयंपाकघरात यायची ती चहाचा कप ठेवायला. दुधात शिजवलेले ओट्स तुझ्यासमोर ठेवले की तू तोंड फिरवायचीस. दप्तर टाकून उपाशी झोपायचीस. म्हणून मी तेच ओट्स भाजून, साखर-लोणी घालून, त्यात फळं दडवून बिस्किटं करायला लागले. शाळेतून आल्यावर तू काहीतरी खावंस म्हणून. तेव्हा मी काय मोठी होते गं? ओट्याला हात पुरावा म्हणून पाट घेऊन उभी राहायचे.

गेल्या वर्षी तू म्हणालीस, "ताई, तुझ्या बिस्किटांची फार आठवण येते, एक मोठा डबा पाठव ना." मला किती बरं वाटलं होतं. त्या डब्यातल्या बिस्किटावरून तुझ्या नवऱ्यानं साचा करून घेतला, होय ना? जाहिरातवाला माणूस, त्याचं डोकं असल्याच कामात चालायचं.

घरात चोरी झाली तर बोंबलताही येत नाही. आपलेच दात, आपलेच ओठ. पण मी गप्प बसणार नाही. मला तुझ्याकडून एकच गोष्ट हवी आहे. बिस्किट माझं आहे, ते चारचौघांत माझं म्हण. खोक्यावर खरं छाप. सरळ बोटानं तूप निघालं नाही तर काय करायचं ते मला कळतं, आणि माझं बोट तर आधीच वाकडं आहे.

फोन मुद्दाम केला नाही. फोनवर तू हसतेस आणि विषय बदलतेस.

थोरली


२० सप्टेंबर

धाकटे,

तुझं उत्तर पोचलं. डॉक्टरांचे पेशंट ताटकळत असताना मी ते टेबलाखाली धरून वाचलं.

"घरचंच तर आहे ताई, त्यात तुझं-माझं काय?" हे वाक्य तू स्वतः सुचवलंस की तुझ्या नवऱ्यानं? घरचंच आहे तर खोक्यावर माझा फोटो का नाही? तर म्हणे, आई म्हटलं की लोकांच्या डोळ्यांत पाणी येतं, बहीण म्हटलं की येत नाही. ते खरं आहे. मला तर बहीण म्हटलं की हसूच येतं हल्ली.

आणि पुढचं वाचून मी थक्क झाले. चोराच्या उलट्या बोंबा ऐकल्या होत्या, चोरानं घरमालकाकडे किल्ली मागितलेली पहिल्यांदाच पाहिली. ऑक्टोबरात तुझं दुसरं, मोठं दुकान उघडणार. टीव्हीवाले येणार. आईनं कॅमेऱ्यासमोर बिस्किटं करून दाखवायची. आईला तर लोणी कुठल्या डब्यात असतं तेही माहीत नाही, म्हणून मी तिला तोवर शिकवायचं. मी. तुला हे लिहिताना हात नाही कापला?

तीन दिवस मी भांडी आपटत होते. आईनं विचारलंही, कुणावर राग काढतेस. मी म्हटलं, दवाखान्यातल्या फोनवर.

तर ऐक. मी शिकवते.

हो, बरोबर वाचलंस. मी आईला शिकवते, अगदी नीट शिकवते. मीठ-साखर इकडचं तिकडे करणार नाही, घाबरू नकोस. आईला खोक्यावर काय छापलंय ते माहीत नाही. तू तिला फक्त सांगितलंयस की दुकानात तिचा फोटो लावलाय, आणि ती त्यावर खूश आहे. बारीक अक्षरं तिला दिसत नाहीत आणि मीही वाचून दाखवणार नाही. तिला एवढंच कळलंय की लेकीच्या दुकानाच्या उद्घाटनाला म्हाताऱ्या आईनं चार बिस्किटं केली तर लोकांना गंमत वाटेल. राहू दे तसंच.

थोरली


३ ऑक्टोबर

धाकटे,

हे पत्र आज टपालात टाकणार नाही. तुझ्या दुकानाची फीत कापून झाली की मग टाकेन. पण आज लिहून ठेवते, म्हणजे नंतर तू म्हणायला नको की ते आपोआप झालं.

पहिल्यांदा माझ्या मनात वाईटच आलं होतं. आईला चुकीचं शिकवायचं. ओट्स न भाजता घालायला सांगायचं, लवंग मूठभर टाकायला लावायची, टीव्हीवरच्या बाईनं घास घेऊन तोंड वाकडं केलं की तुझी जिरली. पण मग हसं आईचं झालं असतं, तुझं नव्हे. तू करून सवरून नामानिराळी राहिली असतीस, नेहमीसारखी.

म्हणून बरोबर शिकवतेय. आई कॅमेऱ्यासमोर उत्तम बिस्किटं करेल आणि शेवटी आपला सरळ अंगठा त्यात दाबेल. खळगा सरळ पडेल. शेजारी तुझ्या फळीवरची सगळी बिस्किटं डावीकडे कललेली. कुणाच्या ना कुणाच्या लक्षात येईलच. ते विचारतील आणि आई सांगेल. तुला तिचा स्वभाव माहीत आहे. दुसऱ्याच्या हातची टीप तिनं आयुष्यात कधी आपली म्हटली नाही. गिऱ्हाइकानं सदऱ्याच्या कॉलरचं कौतुक केलं तर म्हणायची, कॉलर माझी नाही, समोरच्या शिंप्याकडून करून घेतली. गिऱ्हाईक गेलं तरी चालेल. मला फक्त गप्प बसायचंय, आणि गप्प बसायची सवय या घरात मला तुझ्याआधीपासून आहे.

आता थोडं आईबद्दल. हे तुला कशाला सांगतेय कोण जाणे.

पहिल्या दिवशी ती खुर्ची ओढून ओट्यापाशी बसली आणि चष्मा पुसून म्हणाली, "मास्तर, सुरू करा." मी तिला ओट्स कोरडे भाजायला दिले. ती कढईवरून नजर हलवेना. मनुका कोमट चहात भिजवून पिळायच्या, लोणी-साखर हलकी होईस्तोवर फेटायची, मग अंडं, मग पीठ आणि मसाला, हे सगळं तिनं पुन्हा पुन्हा विचारून घेतलं. जर्दाळू कापायची वेळ आली तर सुरी बाजूला सारली आणि आपली कात्री धुऊन आणली. सगळे तुकडे एका मापाचे. मी इतकी वर्षं सुरीनं चिकट गोळे करत आले, कात्रीचं डोक्यातच आलं नाही. आता मीही कात्रीच वापरते.

पहिला घाणा तिनं जाळला. मी सांगितलं होतं, कडा सोनेरी झाल्या की काढ, मधे कच्चं वाटलं तरी काढ, पत्र्याच्या उष्णतेवर ते पुरं होतं. तिला पटेना. अर्धं कच्चं काम गिऱ्हाइकाला कसं द्यायचं, म्हणाली. निघाली ती कोटाची बटणं. तिनं एक हातात घेतलं, ओट्यावर वाजवलं आणि विचारलं, "हे उसवता येत नाही ना?" मी इतकी हसले की मला खाली बसावं लागलं. ती पण हसली. आम्ही दोघी एकत्र कधी हसलो होतो ते मला आठवेना.

नंतर भांडी पुसताना तिनं विचारलं, "मला इतकी वर्षं का नाही शिकवलंस?"

"तू कधी विचारलंस?"

दुसऱ्या दिवशी मी दवाखान्यातून आले तर तिनं ओट्स आधीच भाजून ठेवले होते आणि दारातच उभी होती.

आईनं आजवर वाट पाहिली ती तुझी. पत्राची, फोनची, सुट्टीची. माझी वाट पाहायचा प्रश्नच नव्हता, मी कायमच घरात. आता मी जिना चढताना ती वरून विचारते, अक्रोड आणलेस का. मी मुद्दाम थोडे थोडे आणते, म्हणजे उद्याही विचारेल.

हे शेवटचं खोडून टाकायला हवं. राहू दे, तुला कळू दे.

थोरली


१४ ऑक्टोबर

धाकटे,

आईला शनिवारच्या गाडीत बसवतेय. स्टेशनवर तू स्वतः ये, नवऱ्याला पाठवू नकोस, त्याची बडबड तिला कळत नाही आणि ती नुसतीच मान हलवत राहते.

तयारी चोख झाली आहे. काल तिनं माझ्या मदतीशिवाय पूर्ण घाणा काढला आणि मला ओट्यापाशी येऊ दिलं नाही. डॉक्टरांना नेऊन दिला तर त्यांनी विचारलं, आज काही वेगळं घातलंय का. मी घरी येऊन सांगितलं तर तिनं जेवताना दोनदा परत विचारलं, नक्की काय म्हणाले ते.

काही सूचना. पीठ मळल्यावर थंड ठेवायला वेळ दे, टीव्हीवाले घाई करतील, ऐकू नकोस. जायफळ किसून द्यायचं, पूड चालणार नाही, ती हात लावणार नाही. कात्री तिच्या पिशवीत आहे, हसू नकोस. ओव्हनकडे बघायचा चष्मा आणि माणसांकडे बघायचा चष्मा वेगळा आहे.

आणि एक, थोरली म्हणून सांगते. तुझा तो साचा कॅमेऱ्यासमोर काढू नकोस. बरं दिसत नाही. खोक्यावर अंगठा लिहिलंय ना, मग अंगठाच दिसू दे. तिला तिच्याच हातानं दाबू दे, लोकांना तेच आवडेल.

आई मला चल म्हणत होती. म्हणाली, मास्तर नसले तर शिकाऊ घाबरतो. मी म्हटलं, दवाखान्यातून रजा नाही. डॉक्टर हवी तितकी रजा देतात, पण मला तुझ्या दुकानात उभं राहायचं नाही. मी दवाखान्याच्या बाहेरच्या खोलीतल्या टीव्हीवर बघेन.

तिची सगळी गोळ्यांची पाकिटं निळ्या पिशवीत आहेत.

थोरली


१९ ऑक्टोबर

धाकटे,

पाहिलं. सगळं पाहिलं. सोबत ३ तारखेचं पत्र जोडलंय, ते आधी वाच, मग हे.

आमच्या बाहेरच्या खोलीत चारपाच पेशंट गाल धरून बसले होते. मी आवाज मोठा केला. आई किती छान दिसत होती. तुझ्या त्या पांढऱ्या एप्रनच्या खिशातून तिची कात्री डोकावत होती. ओट्स भाजताना तिनं टीव्हीवरच्या बाईला दम दिला की मधे बोलू नका, लक्ष जातं. एक म्हातारे गृहस्थ दाढदुखी विसरून हसले. डॉक्टरही हातमोजे घालून दारात येऊन उभे राहिले.

मग आईनं अंगठा दाबला. त्या बाईनं फळीवरचं एक बिस्किट उचललं, शेजारी धरलं आणि म्हणाली, आजी, हा ठसा तर सरळ आहे आणि हे सगळे वाकडे. तुझा नवरा मधे पडून काहीतरी पुटपुटला. पण आईनं ते बिस्किट बाईच्या हातातून घेतलं, चष्मा बदलला आणि नीट पाहिलं.

"हा माझ्या थोरलीचा अंगठा आहे," आई म्हणाली. "या धाकटीनं दारात चेंगरला होता. मला तर हे गेल्या महिन्यात थोरलीनंच शिकवलं."

आणि तुझा चेहरा. धाकटे, तुझा तो चेहरा. तू फीत कापायची कात्री हातात धरून उभी होतीस आणि हसू तोंडावर तसंच राहिलं होतं, कुणीतरी चिकटवल्यासारखं. मी इतकी वर्षं ज्या गोष्टीसाठी तळमळले ती मला अशी आयती, पेशंटसमोर, भर दुपारी मिळाली. सुंठीवाचून खोकला गेला. नाही, सुंठ घालूनच गेला.

बाहेरच्या खोलीतले सगळे माझ्याकडे वळून पाहायला लागले. डॉक्टर म्हणाले, दाखवा बघू अंगठा. मी दाखवला. सगळ्यांना दाखवला, अगदी त्या गाल सुजलेल्या बाईंनाही.

मला तुझी कीव येत नाहीये. यायला हवी होती, मी तशी वाट पाहिली रात्रभर, पण नाही आली. मी तुझ्या भुकेसाठी केलेलं तू माझ्यापासून तोडून विकलंस. आता बस त्या रांगेला उत्तरं देत. खोके सगळे फुकट गेले असतील, नवे छापायला लागतील. छाप.

आईला रविवारच्या गाडीत बसव. मी अक्रोड आणून ठेवलेत, यावेळी भरपूर.

थोरली


२ नोव्हेंबर

धाकटे,

दोन रविवार मी स्टेशनवर गेले आणि एकटी परत आले. पहिल्यांदा वाटलं तू सूड घेतेयस, तिला अडकवून ठेवलंयस. तुला लिहायला शिव्यांची यादी तयार केली होती. मग काल आईचाच फोन आला.

तिला कुणी अडकवलेलं नाही.

ती म्हणाली, इथली भट्टी केवढी मोठी आहे गं, एका वेळेला बिस्किटांचे आठ पत्रे जातात. म्हणाली, मुली आहेत कामाला, त्यांना जर्दाळू कात्रीनं कापायला शिकवतेय. म्हणाली, धाकटी पाया पडली, रडली, जाऊ दे, लेकरूच आहे. मग म्हणाली की दुकानाची पाटी बदलली. आता पाटीवर 'थोरलीचा अंगठा' लिहिलंय, आणि खोक्यावरही तेच, आणि रांग आधीपेक्षा लांब लागते, कारण लोकांना टीव्हीवरची ती म्हातारी प्रत्यक्ष बघायची असते. रोज कुणीतरी विचारतं थोरली कोण, आणि ती रोज सांगते. दारात अंगठा चेंगरला तिथपासून सांगते. सांगताना तिला रडू येतं म्हणे. "तुझं नाव घेतल्याशिवाय माझा दिवस जात नाही बघ," म्हणाली.

मी विचारलं, घरी कधी येतेस?

म्हणाली, "तिथे एवढ्याशा ओव्हनपाशी येऊन काय करू? तू दिवसभर दवाखान्यात. तूच ये ना इकडे." आणि मग, थांब हं, घाणा काढायचाय, असं म्हणून फोन ठेवला. मधे कच्चं वाटलं तरी काढायचं असतं. ते तिला आता पाठ झालंय.

म्हणजे बघ. मी मागितलं ते तू दिलंस. चारचौघांत दिलंस, पाटीवर दिलंस, मोठ्या अक्षरांत दिलंस. माझी तक्रार करायची जागाच ठेवली नाहीस. हे तू मुद्दाम केलंस की तुझ्या नशिबानं झालं, ते मला कळत नाही. लहानपणापासून तू रुसलीस की आई तुझ्याकडे, तू घाबरलीस की आई तुझ्याकडे. आता तर ती माझ्या हातानं शिकून, माझ्या हातानं गाडीत बसून तुझ्याकडे आली. तिची निळी पिशवीही मीच भरली.

मी येणार नाही. तुझ्या दारात पाय ठेवण्यापेक्षा मी दुसरा अंगठाही दारात देईन. तुला क्षमाही करणार नाही, ती मागू नकोस.

पण व्यवहाराचं बोलते. ती पाटी उतरव. खोक्यावर पुन्हा आईचा फोटो लाव, अंगठा आईचा म्हण, तुझा म्हण, तुझ्या नवऱ्याचा म्हण. मी लिहून देते. पुन्हा टीव्हीवाल्यांना बोलाव, मी त्यांच्यासमोर उभी राहून सांगेन की ती बिस्किटं माझी नाहीत, कधीच नव्हती, म्हातारी विसरली, माझी आई वयानं विसरते. तिच्या तोंडावर सांगेन. ती चिडेल, माझ्याशी बोलणार नाही, चालेल. न बोलता इथे बसेल.

तिला घरी पाठव.

थोरली